सुरबानाना टिपणीस आणि महाडचा ठराव
(ज्ञातिसभेच्या वार्षिक मेळाव्यातील व्याख्यान)



आपल्या चिटणिसांनी व्याख्यानाचा विषय कळविताना लिहिले होते की, महाड-पोलादपूरकडील आपल्या एखाद्या नामवंत ज्ञातिबांधवाच्या चरित्रावर बोलावे. महाडकडील नामवंत म्हटले की आपल्या डोळ्यांपुढे प्रथम चिंतामणराव देशमुख उभे राहतात, आणि ते स्वाभाविकच आहे. त्यांचा जन्म 1896 साली रायगडच्या पायथ्याकडील नाते या गावी झाला. रिझर्व्ह बँकेचे ते पहिले हिंदी गव्हर्नर. 1952 साली कुलाबा जिल्ह्याने त्यांना लोकसभेवर निवडून दिले आणि मुंबईच्या प्रश्नावरून 1956 साली त्यांनी अर्थमंत्रिपदाचा राजीनामा दिला, हे आपल्या घरांतील मुलांनाही पाठ आहे. त्यांच्याविषयी बोलणे सोपे आहे, कारण त्यांचा अभिमान वाहताना कोणालाही काही सोडावे लागत नाही. म्हणून आज मी दुसरे नाव घेणार आहे. ते म्हणजे सुरेंद्रनाथ गोविंद टिपणीस, ज्यांना महाडकर सुरबानाना म्हणत.

आपली आडनावे पाहावीत. चिटणीस, फडणीस, पोतनीस, कारखानीस, टिपणीस. प्रत्येक नावात एक दप्तर आहे आणि प्रत्येक दप्तरामागे वतन, इनाम किंवा जमीन आहे. लेखणी आणि जमीन या दोहोंच्या बळावर आपली घराणी कोकणात मानाने नांदली. सावित्री आणि गांधारी यांच्या काठचे महाड हे घाटावरच्या व खाडीच्या व्यापाराचे नाके. पोलादपूरकडून घाट उतरणारा माल महाडच्या पेठेत यायचा आणि दासगाव-बाणकोटच्या वाटेने गलबतांतून बाहेर जायचा. अशा गावात ज्याच्याकडे जमीनजुमला आहे, ज्याला सरकारदरबारची भाषा येते, त्याच्याकडे गावकी व नगरपालिका दोन्ही आपोआप चालत येत. सुरबानाना हे या वर्गातले. महाड नगरपालिकेचे ते अध्यक्ष झाले यात कोणालाही नवल वाटले नसावे. नवल पुढेच आहे.

तत्पूर्वी त्या मुलुखाची दुसरी बाजू सांगितली पाहिजे, कारण तिच्यावाचून पुढची कथा कळत नाही. महाडच्या आसपासच्या गावांतून महार समाजातील अनेक माणसे इंग्रजांच्या पलटणीत गेली होती. त्यांनी जग पाहिले, अक्षरओळख करून घेतली, पेन्शन घेऊन ती गावी परतली. आणि परतल्यावर गावाने त्यांना पुन्हा वेशीबाहेर उभे केले. महाडजवळच्या रावढळचे गोपाळबाबा वलंगकर हे असेच निवृत्त सैनिक. 1888 साली त्यांनी अस्पृश्यतेविरुद्ध ‘विटाळ विध्वंसन’ ही पुस्तिका लिहिली. 1895 साली महाडच्या तालुका लोकल बोर्डावर त्यांची नेमणूक झाली, तेव्हा त्यांच्या शेजारी बसावे लागेल म्हणून स्पृश्य सभासदांनी गदारोळ केला. पुढच्या पिढीतील रामचंद्र बाबाजी मोरे यांची हकिकतही अशीच आहे. शिष्यवृत्ती मिळवलेल्या या मुलास महाडच्या इंग्रजी शाळेत प्रवेश नाकारला गेला. त्याने वर्तमानपत्रात तक्रार लिहिली, तेव्हा प्रवेश मिळाला, पण बसायला जागा मिळाली ती खिडकीबाहेर. तेव्हा महाडचा प्रश्न 1927 साली कोणी बाहेरून आणला असे जे कधी कधी बोलले जाते ते खरे नव्हे. तो प्रश्न गावातच वाढत होता.

आता ठरावाकडे वळतो. 4 ऑगस्ट 1923 रोजी मुंबई कायदे कौन्सिलात रावबहादूर सीताराम केशव बोले यांनी आणलेला ठराव संमत झाला. सरकारी पैशाने बांधलेल्या किंवा सार्वजनिक संस्थांच्या ताब्यात असलेल्या विहिरी, तळी, धर्मशाळा, तसेच सरकारी शाळा, कचेऱ्या, दवाखाने अस्पृश्यांस मोकळे असावेत, असा त्याचा आशय. सप्टेंबरात सरकारने खातेप्रमुखांस तसे लिहिले, आणि हा कागद कलेक्टरमार्फत ठिकठिकाणच्या नगरपालिकांकडे गेला. अशा कागदांचे काय होते हे आपल्यापैकी ज्यांनी कचेरीत आयुष्य घालविले त्यांना सांगावयास नको. ‘वाचून दप्तरी दाखल’ असा शेरा मारला की काम संपते. पुष्कळ ठिकाणी तेच झाले. महाडात तसे झाले नाही. 5 जानेवारी 1924 रोजी महाड नगरपालिकेने ठराव केला की, अस्पृश्यांनी चवदार तळ्याचा उपयोग करण्यास नगरपालिकेची हरकत नाही.

हा ठराव वाचताना आपण दोन्ही बाजू पाहिल्या पाहिजेत. ‘हरकत नाही’ हे शब्द फार थोडे देतात. त्यात निमंत्रण नाही, बंदोबस्ताची हमी नाही, पाणी भरावयास येणाऱ्या माणसाला कोणी काठी मारली तर काय करावे याचा उच्चार नाही. आणि खरोखरच तीन वर्षे कोणी तळ्यावर गेले नाही, कारण जाण्याची किंमत प्रत्येकास ठाऊक होती. तळ्याभोवती स्पृश्यांची घरे. ज्यांच्या शेतावर पोट भरायचे त्यांच्याच डोळ्यांदेखत घागर बुडवायची! पण दुसरी बाजूही तितकीच खरी आहे. त्या काळी नगरपालिकेचा मताधिकार कर भरणाऱ्या मोजक्या लोकांपुरता होता. सुरबानानांना निवडून देणारे, त्यांच्याबरोबर जेवणारे, त्यांच्या घरी मुली देणारे लोक तळ्याच्या बाजूचे होते. तळ्याबाहेरचा एकही माणूस त्यांना मत देऊ शकत असेल की नाही याची शंका आहे. ज्या ठरावाने एकही मत मिळावयाचे नाही आणि पुष्कळ गमवावयाची, तो ठराव राजकारणी मनुष्य सहसा करीत नाही. शिवाय या ठरावाचा एक परिणाम असा झाला की, पुढे महाडात जे घडले ते कायद्याच्या पायावर उभे राहिले. 1927 साली तळ्यावर गेलेले लोक परवानगी मागावयास गेले नव्हते. मिळालेला हक्क बजावावयास गेले होते.

19 व 20 मार्च 1927 रोजी महाडात कुलाबा जिल्हा बहिष्कृत परिषद भरली. डॉक्टर बाबासाहेब आंबेडकर अध्यक्ष होते. ही परिषद महाडला भरविण्यात सुरबानाना, आपले दुसरे ज्ञातिबांधव अनंतराव चित्रे आणि सोशल सर्व्हिस लीगमध्ये काम केलेले गंगाधर नीळकंठ सहस्रबुद्धे यांचा मोठा हात होता. दोन प्रभू आणि एक चित्पावन, असे हे त्रिकूट. एकमेकांशी पंक्तिभेदावरून पिढ्यान्‌पिढ्या भांडलेल्या दोन जातींची माणसे या कामी खांद्याला खांदा लावून उभी राहिली, ही गोष्ट मला नेहमी विलक्षण वाटते. परिषदेच्या मंडपात पाणी नव्हते. चाळीस रुपये मोजून ते विकत घ्यावे लागले. चवदार तळे हाकेच्या अंतरावर भरलेले असताना! दुसऱ्या दिवशी कामकाज आटोपत आले तेव्हा चित्रे यांनी सुचविले की, नगरपालिकेचा ठराव झालेला आहे, तर तो आजच अमलात आणू या. मिरवणूक निघाली, बाबासाहेबांनी ओंजळीने पाणी घेतले, मागोमाग इतरांनी घेतले.

पुढची हकिकत आपणांस माहीत आहे. हे लोक आता वीरेश्वराच्या देवळात शिरणार, अशी हूल गावात उठली आणि परतीच्या तयारीत असलेल्या, जेवणास बसलेल्या माणसांवर लाठ्या चालल्या. कित्येकांनी मुसलमानांच्या घरांत आसरा घेतला. नंतर पंचगव्याच्या घागरी ओतून तळ्याची शुद्धी करण्यात आली. ज्या पाण्यात गुरे धुतली जात, त्या पाण्याला माणसाच्या ओंजळीने विटाळ झाला, असे मानणारे लोक दुष्ट होते असे मी म्हणणार नाही. ते आपल्यासारखेच लोक होते. सत्यनारायण करणारे, मुलांच्या परीक्षांची काळजी करणारे, देण्याघेण्यात सचोटी पाळणारे. आपल्या आजोबा-पणजोबांपैकी काही त्यांत नसतील असे छातीठोकपणे कोण म्हणेल?

याच ठिकाणी एक जुनी आठवण काढल्यावाचून राहवत नाही. आपल्या ज्ञातीला वेदोक्त कर्माचा अधिकार नाही, असे म्हणून आपल्यावर किती ग्रामण्ये झाली! खुद्द छत्रपतींचे चिटणीस बाळाजी आवजी यांच्या घरच्या मुंजीवरून वाद माजल्याची परंपरा आपण सांगतो. प्रबोधनकार ठाकरे यांनी 1919 साली ‘ग्रामण्यांचा साद्यंत इतिहास’ हे पुस्तक लिहिले, ते आपल्या पुष्कळ घरांत आदराने ठेवलेले असे. अपमानाची ही शिदोरी आपण जपून ठेवली. पण तिचा उपयोग बहुधा एवढाच केला की, आम्ही वरच्यांच्या बरोबरीचे आहोत हे सिद्ध करावे. खालच्यांना आमच्या बरोबरीस येऊ द्यावे, हा तिचा दुसरा अर्थ फार थोड्यांना सुचला. सुरबानाना आणि अनंतराव चित्रे यांना तो सुचला.

महाड नगरपालिकेच्या चरित्रात यानंतर एक वाईट पान आहे. 4 ऑगस्ट 1927 रोजी तिने 1924 चा ठराव रद्द केला. ज्या संस्थेच्या अध्यक्षपदाने सुरबानानांचे नाव इतिहासात गेले, त्याच संस्थेने ते काम पुसून टाकले. गावातील भीती, दाब आणि भाऊबंदकीचा रेटा यांपुढे एका माणसाचा विचार किती काळ टिकतो, हे त्यावरून कळते. मात्र सुरबानाना मागे सरले नाहीत. त्याच वर्षी 25 डिसेंबरला सत्याग्रह परिषद भरली, तेव्हाही ते त्या पक्षात होते. दुकानदारांनी माल देण्याचे नाकारल्यामुळे शिधा बाहेरून आणावा लागला. मंडपासाठी कोणी हिंदू जागा देईना. ती फत्तेखान नावाच्या मुसलमान गृहस्थाने दिली. बाबासाहेब व त्यांचे सहकारी दासगावला उतरून तेथून महाडपर्यंत पायी चालत आले. 25 तारखेच्या रात्री मनुस्मृतीचे दहन झाले. तो ठराव सहस्रबुद्धे यांनी मांडला होता. तळे ही कोणाची तरी खाजगी मालमत्ता आहे, अशा दाव्यावर दिवाणी कोर्टाने आधीच मनाईहुकूम दिला असल्यामुळे तळ्यावर जाण्याचा बेत तहकूब झाला आणि मिरवणूक तळ्याला वळसा घालून परतली.

तो दावा दहा वर्षे चालला. 1931 साली महाडच्या कोर्टात, 1933 साली ठाण्याच्या अपिलात आणि अखेर 17 मार्च 1937 रोजी मुंबई हायकोर्टात निकाल बाबासाहेबांच्या बाजूने लागला. अनादि काळापासून चालत आलेली रूढी वादींना सिद्ध करता आली नाही, असा हायकोर्टाचा अभिप्राय पडला. आपल्यातील वकीलमंडळींनी हा निकाल मुळातून वाचावा. ‘पूर्वापार चालत आले आहे’ या वाक्याला न्यायासनासमोर पुरावा लागतो, आणि पुरावा मागितला की ते वाक्य किती लटके पडते, हे त्यात दिसते.

योगायोग असा की, हा निकाल लागला त्या सुमारास सुरबानाना मुंबईच्या कायदेमंडळात निवडून आले होते. बाबासाहेबांनी ऑगस्ट 1936 मध्ये स्वतंत्र मजूर पक्ष स्थापला. फेब्रुवारी 1937 च्या निवडणुकीत त्या पक्षाच्या तिकिटावर निवडून आलेल्या मोजक्या स्पृश्य आमदारांत कुलाब्याचे टिपणीस आणि रत्नागिरीकडचे चित्रे हे दोघे होते. काँग्रेसची लाट असताना, महाडची हकिकत ताजी असताना, एका प्रभू जमीनदाराने ‘मजूर’ हे नाव लावणाऱ्या पक्षाकडून उभे राहावे आणि निवडून यावे! गावातील मानमरातब शाबूत ठेवावयाचा असता तर काँग्रेसचे किंवा स्वतंत्र उमेदवारीचे दार त्यांना उघडे होते.

आणि आता मी त्या भागाकडे येतो, ज्याबद्दल आपल्या स्मरणिकांत फारसे लिहिले जात नाही.

17 सप्टेंबर 1937 रोजी बाबासाहेबांनी कायदेमंडळात खोती पद्धत नष्ट करण्याचे विधेयक मांडले. खोत म्हणजे काय हे तरुण मंडळींना सांगावे लागेल. सरकार आणि कूळ यांच्यामध्ये वंशपरंपरेने उभा राहिलेला वसूलदार तो खोत. सरकारला ठरीव सारा भरावा आणि कुळाकडून धान्याच्या वाट्याने वसूल घ्यावा. मधला फायदा त्याचा. वाटा निम्म्यापर्यंत जाई. त्यावर खोताच्या घरचा नांगर, लाकूडफाटा, कौलारू शाकारणी, पालखीचे भोई अशी वेठ निराळी. कूळ पिढ्यान्‌पिढ्या तीच खाचरे कसत असले तरी बहुतेक ठिकाणी त्याच्या हक्काची शाश्वती नव्हती. दक्षिण कुलाबा आणि रत्नागिरी हे या पद्धतीचे माहेरघर. आणि खोतांत ब्राह्मण होते, प्रभू होते, मराठे होते, मुसलमान होते. महाडच्या तळ्यापुरते सवर्ण उदार होणे एक वेळ शक्य होते. पाणी प्याल्याने कोणाचे उत्पन्न घटत नव्हते. खोती मात्र प्रत्यक्ष कोठारालाच हात घालीत होती. सुरबानाना ज्या पक्षाच्या बाकावर बसले होते, त्या पक्षाचा हा प्रमुख कार्यक्रम होता.

अलिबागकडे चरी गावच्या कुळांचा संप तेव्हा चालू होता. नारायण नागू पाटील यांच्या पुढारीपणाखाली 1933 पासून सुमारे सहा वर्षे शेतकऱ्यांनी खोत-सावकारांच्या जमिनी कसावयाचे नाकारले. उपासमार सोसली, पण नांगर धरला नाही. 10 जानेवारी 1938 रोजी कोकणातील व इतर जिल्ह्यांतील हजारो शेतकरी मुंबईत मोर्चाने कौन्सिल हॉलवर गेले. खोतीचे विधेयक त्या कायदेमंडळात पार पडले नाही; सत्ता काँग्रेस पक्षाकडे होती आणि 1939 च्या अखेरीस मंत्रिमंडळानेच राजीनामा दिला. खोती गेली ती स्वातंत्र्यानंतर, 1949 च्या कायद्याने. 1948 चा कुळकायदा आणि 1 एप्रिल 1957 चा कृषकदिन यांनी उरलेले काम केले.

ज्ञातिबांधवांनो, आपल्या घरांतून ‘आमच्या जमिनी कुळकायद्यात गेल्या’ हे वाक्य मी लहानपणापासून ऐकत आलो आहे. लग्नघरात, श्राद्धाच्या पंगतीत, गणपतीच्या आरतीनंतर सुपारी कातरताना. त्या वाक्यामागचे दुःख खोटे नाही. विधवा आत्या, अर्धवट शिकलेला काका, ज्यांचे पोट त्या खंडावर होते, त्यांचे हाल झाले, आणि मुंबई-पुण्याला खोली करून राहिलेल्या कुटुंबांना गावाकडचा आधार राहिला नाही. पण त्याच घरांत ‘महाडचे सुरबानाना आपलेच’ असेही अभिमानाने म्हटले जाते. ही दोन वाक्ये एकाच तोंडून निघतात आणि एकमेकांची ओळख नसल्यासारखी निघतात. ज्या कायद्याने आपली जमीन गेली, त्याची मागणी ज्या बाकांवरून झाली त्यांपैकी एका बाकावर आपले सुरबानाना बसले होते. त्यांना आपले म्हणावयाचे तर तो बाकही आपला म्हणावा लागेल. केवळ ‘दलितमित्र’ ही पदवी घेऊन बाक मागे ठेवता येणार नाही.

त्यांच्या राजकीय आयुष्याचा उत्तरार्ध एका निराळ्या कोंडीने वेढला गेला. 1942 साली स्वतंत्र मजूर पक्षाची जागा शेड्यूल्ड कास्ट्स फेडरेशनने घेतली. त्या वेळच्या परिस्थितीत बाबासाहेबांना तसे करणे भाग पडले असावे. परंतु नावावरूनच दिसते की त्या संस्थेत टिपणीस-चित्रे यांच्यासारख्यांना पूर्वीसारखी जागा नव्हती. आपल्या वर्गापासून तुटलेला आणि ज्यांच्यासाठी तुटला त्यांच्या नव्या संघटनेच्या बाहेर राहिलेला मनुष्य राजकारणात एकटा पडतो. कोकणातच नव्हे, सर्वत्र असे झाले आहे. अशा माणसांचे चरित्र लिहावयास कोणताच पक्ष पुढे येत नाही, कारण ते कोणत्याच पक्षाच्या वंशावळीत नीट बसत नाहीत. जातीच्या स्मरणिकेत त्यांचा फोटो छापला जातो आणि खाली दोन ओळी येतात.

घटनेचे पंधरावे कलम काढून पाहावे. राज्याच्या पैशाने राखलेल्या किंवा सार्वजनिक उपयोगासाठी दिलेल्या विहिरी, तलाव, स्नानघाट, रस्ते यांच्या वापरास जातीच्या कारणाने कोणालाही बंदी करता येणार नाही, असे त्यात लिहिले आहे. बोले यांचा ठराव, महाड नगरपालिकेचा ठराव आणि हे कलम एकापुढे एक ठेवून वाचावे. देशाच्या राज्यघटनेत तलाव व विहिरी यांचा नावाने उल्लेख का यावा, हे परदेशी माणसाला कळणार नाही. महाडच्या माणसाला कळेल.

पोलादपूरच्या बाजूने येणाऱ्या आपल्या मंडळींना एक सांगतो. चवदार तळ्याकाठी आज स्मारक आहे, दर 20 मार्चला आणि 25 डिसेंबरला तेथे दूरदूरहून लोक लोटतात. 2027 च्या मार्चमध्ये पहिल्या सत्याग्रहाचे शतक भरते. त्या गर्दीत आपल्या ज्ञातीचे लोक मला फारसे दिसलेले नाहीत. गावावरून जाताना रायगडाकडे गाड्या वळतात, त्या वळाव्यातच. तळे मात्र वाटेवर असूनही राहून जाते.

एक विनंती करून थांबतो. आपल्यापैकी पुष्कळांच्या घरी माळ्यावर, पेटाऱ्यात जुन्या खोतीच्या वह्या, खंडाच्या पावत्या, कुळांची नावे लिहिलेली मोडी कागदपत्रे पडून आहेत. काही घरांत महाड नगरपालिकेच्या 1920 ते 1940 या काळातील पत्रव्यवहार किंवा निवडणुकीची पत्रकेही असतील. हे कागद रद्दीत घालू नयेत, आणि लाजही वाटू देऊ नये. वेठीची नोंद असलेली वही विशेष करून आणावी. मोडी वाचणारी माणसे दिवसेंदिवस कमी होत आहेत. आपल्या सभेत अजून दोघे-तिघे आहेत, त्यांनी पुढील दिवाळीपर्यंत वाचून देण्याचे कबूल केले आहे. कागद कार्यवाहांकडे द्यावेत, त्यांची नक्कल करून मूळ प्रत ज्याची त्याला परत मिळेल.